परीक्षेचा हात

चारू न्हाणीघरात घसरली आणि तिचं उजवं मनगट मोडलं, तेव्हा आम्हा सगळ्यांना काळजी तिच्या हाताची होती. तिला कादंबरीची होती. दवाखान्यातून घरी आल्यावर मी भेटायला गेले, तर प्लास्टरमधला हात उशीवर ठेवून ती छताकडे बघत पडलेली. बस म्हणणं नाही, चहाचं विचारणं नाही. सरळ म्हणाली, "हेमे, शेवटची दोन प्रकरणं लॅपटॉपात अडकलीत, आणि तो मेला मला ओळख दाखवेना."

ही दोन हजार सत्तेचाळीस सालच्या जूनमधली गोष्ट. चारू म्हणजे चारुशीला बिरनाळे. इचलकरंजीच्या एका सूतगिरणीत तिने टंकलेखक म्हणून नोकरी केली आणि निवृत्त झाल्यावर रहस्यकथा लिहायला घेतल्या. कितीतरी वर्षं एका दिवाळी अंकात तिची कादंबरी असतेच, आणि त्यातला खुनी मला तोवर एकदाही ओळखता आला नव्हता. मी हेमलता मगदूम, नगरपालिकेतली निवृत्त टंकलेखक. आम्ही दोघी ऐंशी ओलांडलेल्या. घरं एकाच गल्लीत, त्यामुळे भांडण झालं तरी ते फार तर संध्याकाळपर्यंत टिकतं.

त्या वर्षी अंकाची जाहिरात होऊन गेली होती. तिचं नाव मुखपृष्ठावर मोठ्या अक्षरांत छापायचं ठरलं होतं. आणि चारूने घरात जाहीर करून टाकलं होतं, की ही कादंबरी वेळेवर गेली नाही तर ती ह्यापुढे लिहिणार नाही. ऐंशीनंतर लोक आपली वाट बघत थांबत नाहीत, असं तिचं म्हणणं. ती बोलते तशी वागते, हे मला चांगलं ठाऊक होतं.

तुम्ही विचाराल, दुसरीकडे प्रत ठेवली नव्हती का. रहस्यकथा लिहिणारं आता कुणीच ठेवत नाही. नेटवर्कवर दोन पानं ठेवली की वाचनयंत्रं ती वाचून काढतात, आणि अंक निघायच्या आत खुनी कोण ते गावभर होतं. चारूचा एक खुनी असाच फुटला होता. एक वाणसामानवाला तिला दुकानात सगळ्यांसमोर म्हणाला, की काकू, ह्या वेळी धाकटी सून ना. तेव्हापासून तिने लॅपटॉपचा नेटवर्कशी असलेला संबंध तोडून टाकला, आणि तिच्या मुलाने, अभिनंदनने, त्याला लयकुलूप बसवून दिलं.

लयकुलूप म्हणजे काय ते सांगते. संगणक चालू केला की तो एकदम जागा होत नाही. आधी मदरबोर्डवरच्या एका चिपमधली छोटीशी आज्ञावली चालते. तिला फर्मवेअर म्हणतात. ती बाकीच्यांना उठवते आणि मगच आपल्याला पुढचं सगळं दिसतं. ह्या आज्ञावलीलाच पासवर्ड घातला की यंत्र आपल्याला दारातूनच परत पाठवतं. आमच्या काळी ह्यावर सोपा उपाय होता. नगरपालिकेत पहिले संगणक आले, तेव्हा एका साहेबांनी असा पासवर्ड घातला आणि विसरून गेले. पुरवठादाराचा माणूस आला, त्याने खोका उघडला, आतली बटणासारखी गोल बॅटरी काढून टेबलावर ठेवली आणि आमच्याबरोबर चहा प्यायला बसला. चहा होईपर्यंत संगणकही पासवर्ड विसरला होता. मला तो तेव्हा फार समजूतदार वाटला होता.

आताची चिप काही विसरत नाही. शिवाय ती नुसत्या अक्षरांवर समाधान मानत नाही, कारण अक्षरं कुणीही चोरू शकतं. ती हात ओळखते. प्रत्येक कळ किती वेळ दाबलेली राहिली, एका कळीवरून दुसरीवर बोट जायला किती वेळ लागला, हे ती सेकंदाच्या हजाराव्या भागात मोजते. पाठमोरा माणूस आपण चालीवरून ओळखतो, तसंच हे. ही लय मेंदूच्या मागच्या भागात, अनुमस्तिष्कात मुरलेली असते. सकाळी काय खाल्लं ते न आठवणाऱ्या माणसाची बोटंसुद्धा ती विसरत नाहीत. आतला सगळा मजकूर त्या लयीपासून घडवलेल्या किल्लीने बंद केलेला असतो. लय जुळली नाही तर किल्ली तयारच होत नाही, आणि ठरावीक वेळा चुकलं की चिप तो मजकूर कायमचा मिटवते.

हे कुलूप यंत्र पूर्ण बंद पडल्यावरच हात मागतं. चारू नुसतं झाकण मिटायची, त्यामुळे बसवल्या दिवसानंतर त्याने तिला कधी अडवलंच नव्हतं. ती दवाखान्यात होती तेव्हा चार्जिंगकडे कुणी बघितलं नाही, बॅटरी संपली आणि यंत्र पार थंड झालं. घरी आल्याआल्या तिने डाव्या हाताने प्रयत्न केला. नकार. प्लास्टर निघेपर्यंत आम्ही धीर धरला. मग पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा नकार. मनगट जुळलं होतं, पण उजवी बोटं आखडलेली होती, आणि करंगळी आपल्या मर्जीने हलत होती.

अभिनंदन आम्हा दोघींना शाहू पुतळ्याजवळ तबस्सुम नदाफच्या दुरुस्ती केंद्रात घेऊन गेला. तबस्सुम इंजिनीयर आहे, फर्मवेअरची कामं तीच करते. तिने सगळं ऐकून घेतलं आणि खोटी आशा लावली नाही. कंपनीकडे किल्ली नसते, उलट त्याचीच ते जाहिरात करतात. चिप बदलली तर लॅपटॉप नवा होईल, कादंबरी जाईल. चिप फक्त हाताला उघडते. मग तिने एक लहानसं उपकरण जोडून आधीच्या चुकांची नोंद वाचली आणि तिच्या कपाळाला आठी पडली.

"आजी, तुमचं पासवर्डचं वाक्य बरोबर आहे. पण कुलूप म्हणतंय, मालकीण ह्याच्या कितीतरी पट जोरात लिहिते. आणि एकसारखी, घड्याळ लावल्यागत."

चारूला ते अपमानासारखं लागलं. "मी जोरात लिहीतच नाही," ती म्हणाली. "खून करायच्या आधी मी विचार करते."

ते खरं होतं. तिचं रोजचं लिहिणं मी बघितलेलं आहे. दोन बोटांनी एक ओळ, मग चहाचा घोट, मग खिडकीबाहेर बघणं. तबस्सुमने तिला एका जुन्या कीबोर्डवर घरच्यासारखं, अगदी सहज लिहून दाखवायला सांगितलं. जितकं सहज लिहिलं तितकं ते कुलपाच्या हातापासून लांब गेलं. अभिनंदन म्हणायला लागला की दुसऱ्याच कुणाची नोंद झाली असेल. पण कुलूप बसवलं त्या दिवशी घरात तो आणि चारू दोघंच होते.

मी त्याला विचारलं, कुलूप बसवताना आईला तू नेमकं काय सांगितलं होतंस.

"काही विशेष नाही, मावशी. म्हटलं, आता हे यंत्र तुझं टायपिंग तपासणार आहे. तर म्हणाली, थांब, चष्मा बदलते."

मग, मी विचारलं. मग तिने बांगड्या मागे सारल्या, खुर्ची पुढे ओढली, पाठ ताठ केली आणि कीबोर्डकडे न बघता लिहून टाकलं, तो म्हणाला. मला इतकं हसू आलं की तबस्सुमने माझ्यापुढे पाण्याची बाटली धरली. चारूने कुलपाला आपला हात दिलाच नव्हता. तिने त्याला परीक्षेचा हात दिला होता. टायपिंग तपासणार म्हटल्यावर आमच्या पिढीतली कुठलीही बाई दुसरं काय करील? मीही तेच केलं असतं.

आम्ही दोघी एकोणीसशे त्र्याऐंशी साली तारदाळकर सरांच्या टायपिंग क्लासला होतो. क्लास माडीवर आणि खाली यंत्रमागांचा कारखाना. आडवं सूत नेणारा धोटा एकदा इकडे, एकदा तिकडे, आणि त्या ठोक्याने आमच्या पायांखालची फळी हलायची. नवीन मुली कानांवर हात ठेवायच्या. सर म्हणायचे, कान झाकू नका, मागाबरोबर चला. एका ठोक्याला एक अक्षर. वीज गेली की खालचे माग थांबायचे. आमच्या मशिनींना विजेची गरज नव्हती, तरी सगळ्यांची बोटं अडखळायची, आणि सर लाकडी पट्टीने टेबलावर ठोका धरायचे. कोल्हापूरच्या परीक्षा केंद्रात माग कुठले? तिथे आमच्या क्लासच्या मुली पायाने ताल धरून टाईप करत होत्या आणि पर्यवेक्षक बाकाखाली वाकून बघत होते, की काय चाललंय. चारू आणि मी एका बाकावर बसायचो. एवढ्या वर्षांत आम्ही दोघी एकमेकींहून वेगळ्या झालो असू, पण परीक्षेचा हात दोघींचा एकच होता. कारण तो मुळात आमचा नव्हताच, खालच्या मागांचा होता.

चारूचा उजवा हात आता ते करू शकणार नव्हता. म्हणजे मीच उरले.

तबस्सुमने आधी चुकांची नोंद पुन्हा बघितली. मग म्हणाली, कुलूप बनवणाऱ्यांनी चोरांचा विचार केलाय, मैत्रिणींचा नाही. करून बघायला हरकत नव्हती, पण प्रयत्न थोडेच शिल्लक होते. तिने तो जुना कीबोर्ड मला घरी न्यायला दिला. त्याला मोजणीचा एक छोटा पडदा जोडला होता, आणि माझी लय नोंदीतल्या आकड्यांच्या जवळ जाते की लांब, ते त्यावर दिसायचं.

मी कितीतरी वर्षांत कळांना बोट लावलं नव्हतं. आता सगळे यंत्रांशी बोलतात, मीही बोलते. चारूने मला तिचं वाक्य सांगितलं: आपल्या दिनांक बाराच्या पत्रास अनुसरून कळविण्यात येते की. मी म्हटलं, एवढ्या रहस्यकथा लिहिणाऱ्या बाईला दुसरं काही सुचलं नाही का. ती म्हणाली, परीक्षेला हेच आलं होतं.

चारूच्या घरी सराव सुरू केला. पहिल्या दिवशी माझी मोजणी हललीच नाही. बोटांना जागा आठवत होत्या, पण ठोका नव्हता. आताचे माग हवेवर चालतात, एकसलग घोंघावतात, त्यांच्याबरोबर कुणाला चालता येत नाही. मग चारूने स्वयंपाकघरातून स्टीलचं ताट आणलं, मांडीवर उपडं ठेवलं आणि डाव्या हाताने चमचा मारायला लागली. धोटा जाताना एक, येताना एक, मधे फणीचा जड ठोका. मी डोळे मिटले आणि मला पायांखाली फळी हलल्यासारखी वाटली. शेजारच्या बाई दारात येऊन विचारून गेल्या, की भजन आहे का, आम्हीही येतो. चारूने त्यांना सांगितलं, अजून तालीम चाललीय. चार दिवसांनी मोजणी तबस्सुमने आखलेल्या रेषेच्या वर गेली आणि तिथेच राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी चारूच्या टेबलावर लॅपटॉप ठेवला. तबस्सुम आली, अभिनंदन कामावर गेला नाही. मी चष्मा बदलला, बांगड्या मागे सारल्या. चारूने ताट घेतलं. पहिल्या वेळी शेवटच्या शब्दावर माझं बोट घसरलं आणि नकार आला. चारूने नुसता ताटावरचा ठोका चालू ठेवला, थांबलीच नाही. मी त्या ठोक्यातच पुन्हा सुरुवात केली, आणि पडदा उजळला.

"नमस्कार, चारुशीला," लॅपटॉप मला म्हणाला.

अभिनंदन ओरडलाच. म्हणाला, मावशी, आता तुम्हीच आई, यंत्राने शिक्का मारला. तबस्सुम हसली, मीही हसले. चारू हसली नाही. ताट आत ठेवायला गेली ती बराच वेळ बाहेर आली नाही.

ह्याचा पुढचा भाग असा, की शेवटचं प्रकरण अर्धंच लिहिलेलं होतं. चारूला टाईप करता येईना, आणि बोलून लिहिणारी यंत्रं सगळी नेटवर्कवरची. मग तिने सांगायचं आणि मी टाईप करायचं, असं ठरलं. इतक्या चुकांनंतर कुलूपही सावध झालं होतं. आता झाकण मिटलं तरी हात मागायचं, त्यामुळे रोज सकाळी उघडायलाही मीच. खुनी मला आयुष्यात पहिल्यांदा छपाईच्या आधी कळला. तो कंपाउंडर होता. मी तिला म्हटलं, हे काही पटत नाही, इतका साधा माणूस, सगळ्या गावाला इंजेक्शनं देणारा. ती म्हणाली, "तुला पटला नाही ना? मग बरोबर आहे." दुपारपर्यंत आम्ही भांडलो. कंपाउंडर राहिला. प्रकरण पूर्ण झालं, आणि अभिनंदन स्वतः पुण्याला जाऊन संपादकांच्या हातात देऊन आला.

अंक वेळेवर निघाला. वाचकांचे फोन आले, कंपाउंडर बऱ्याच जणांना पटला नव्हता, आणि चारू आठवडाभर खूश होती. मग एके दिवशी लॅपटॉप पिशवीत घालून माझ्या घरी आली आणि तो माझ्या टेबलावर ठेवला.

"हा तुझ्याकडे राहू दे," ती म्हणाली. "त्याच्या लेखी चारुशीला तूच आहेस."

मला मागाहून कळलं, की त्याआधी ती एकटी तबस्सुमकडे जाऊन आली होती. मी कुलूप उघडून दिलेला लॅपटॉप झाकण न मिटता तसाच नेऊन तिने आपल्या नव्या हाताची नोंद करायचा प्रयत्न केला होता. दर वेळी उजवी बोटं वेगळी चालली आणि चिपने नोंद घेतली नाही. पडद्यावर आलं होतं: हात स्थिर नाही. अभिनंदनने नवा लॅपटॉप आणायची तयारी दाखवली, जुन्या पद्धतीच्या साध्या पासवर्डचा. तिने त्याला सांगितलं, की लॅपटॉप आणशील रे, बोटं कुठून आणशील. मला रोज सांगून लिहून घेण्याबद्दल तिने कुणालाच काही म्हटलं नव्हतं. ते ती कधी म्हणणारही नाही. ती माझ्याकडे साखरसुद्धा मागत नाही, वाटी आणून नुसती उभी राहते.

लॅपटॉप काही दिवस माझ्याकडे होता. मी सकाळी उघडायची, तो मला चारुशीला म्हणायचा, आणि पुढे कोरं पान. मी एकदा त्यावर काहीतरी लिहून बघितलं. पहिल्या पानावर खून करायला माझा हात धजेना. झाकण लावलं आणि तो पिशवीत घालून तबस्सुमकडे गेले.

मी तिला विचारलं, की चारूचा डावा हात तर धडधाकट आहे, तेवढ्याचीच नोंद नाही का होणार. ती म्हणाली, होणार नाही, चिपला पूर्ण कीबोर्डवरची लय लागते, एकाच हाताने सगळीकडे धावलं की ती डळमळते. मग मी विचारलं, चिपला कसं कळतं पण, की हात कुणाचा आहे.

"तिला माणूस दिसतच नाही, आजी," ती म्हणाली. "तिला फक्त वेळ दिसतो. समोर किती जण बसलेत, ते तिला काय माहीत."

मी तिथूनच तबस्सुमला माझ्याबरोबर घेऊन चारूच्या घरी गेले. चारू शेंगा सोलत होती. मी लॅपटॉप टेबलावर ठेवून कुलूप उघडलं, तिची खुर्ची डावीकडे सरकवली, माझ्यासाठी दुसरी उजवीकडे ओढली, आणि म्हटलं, डावी बाजू तुझी, उजवी माझी. तिला कळायला थोडा वेळ लागला. मग म्हणाली, हा पोरखेळ आहे. मग म्हणाली, दोघींना मिळून एक वाक्य तरी लिहिता येईल का. तोवर ती खुर्चीवर बसलेली होती.

तबस्सुमने आमच्यासमोर उभं राहून स्पष्ट सांगितलं. "एकदा नोंद झाली की हा लॅपटॉप दोघी असल्याशिवाय उघडणार नाही. तुमच्यातली एक जण नसली तर मलासुद्धा काही करता येणार नाही. आतलं सगळं आतच राहील. नीट विचार करा."

चारूने माझ्याकडे बघितलं. "म्हणजे मरायचं झालं तर आधी हिची परवानगी काढायची."

"ती मिळणार नाही," मी म्हटलं.

नोंद व्हायला सगळी सकाळ गेली. सुरुवातीला आमचे हात एकमेकांवर आदळत होते. मधली लांब कळ कुणाच्या अंगठ्याची, ह्यावरून वाद झाला आणि तो चारूने जिंकला. ती पुढे पळायची, मी मागे राहायची, मग मी रागाने पुढे गेले की ती विचार करत थांबलेली. तबस्सुम मधूनमधून नुसती मान हलवायची. पण परीक्षेचा हात आम्ही दोघींनी सोडून दिला होता. सहज, बोलता बोलता, शेंगांच्या टरफलांमधे कोपर ठेवून लिहीत होतो, आणि जेवायच्या आधी कधीतरी चिपने ती लय घेतली. मालकिणीच्या नावाच्या जागी तबस्सुमने आम्हाला विचारलं. मी म्हटलं, नाव तिचंच असू दे, छापायला तेच बरं.

तबस्सुम गेल्यावर अभिनंदनने ताटं घेतली आणि जेवायला हाक मारली. चारूने त्याला थांबायला सांगितलं. एक नवीन पान उघडलं, चष्मा कपाळावर सारला, आणि थोडा वेळ खिडकीबाहेर बघत बसली. मग तिने वाक्य सांगितलं आणि आम्ही ते लिहायला घेतलं. एक दंतवैद्य सकाळी आपल्याच दवाखान्यातल्या खुर्चीत मेलेला सापडतो, दार आतून बंद. अर्ध्या ओळीवर मी मनातल्या मनात संशयित मोजायला लागले. त्याची बायको, मदतनीस बाई, दात न काढताच परत गेलेला पेशंट. बायको तर नक्कीच नसणार.

चारूने मला कोपराने ढोसलं.

"थांबलीस का? तुझ्या बाजूचं अक्षर आहे."